मोजणी देशाची, किल्ली कोणाची?

महाराष्ट्राच्या ग्रामजीवनात जमिनीच्या हद्दीइतका जिव्हाळ्याचा आणि तितकाच स्फोटक विषय दुसरा नाही. वीतभर बांध कोरला गेला म्हणून सख्ख्या भावांचे बोलणे तुटते, लग्नकार्यातले येणेजाणे थांबते आणि आजोबांनी दाखल केलेला दावा नातवाच्या नावावर चालू राहतो. जमीन ही केवळ मालमत्ता नसून माता आहे, असे मानणाऱ्या समाजात हद्दीचा वाद कुटुंबे, भावक्या आणि अखेरीस गाव दुभंगवून टाकतो. म्हणूनच मोजणी हे महसूल खात्याचे एक रूक्ष काम आहे, असे समजून त्याकडे पाहणे चुकीचे ठरेल. समाजाची एकरसता टिकविणारे ते एक साधन आहे. त्या साधनाच्या हाताळणीत आज होत असलेल्या एका मोठ्या बदलाकडे, आणि त्या बदलातच दडलेल्या एका धोक्याकडे, सुबुद्ध समाजाचे लक्ष वेधले जाणे अगत्याचे आहे.

बदल असा की, शंकू, साखळी आणि प्लेन टेबल यांची जागा आता उपग्रहांच्या संकेतांवर चालणाऱ्या यंत्रांनी घेतली आहे. भूमी अभिलेख खात्याचा भूकरमापक आता हातात दांडी आणि दांडीवर बसविलेला 'रोव्हर' घेऊन बांधावर उभा राहतो व काही क्षणांत त्या बिंदूचे अक्षांश-रेखांश काही सेंटिमीटरच्या अचूकतेने मिळवितो. भारतीय सर्वेक्षण विभागाने राज्यात सत्तराहून अधिक ठिकाणी सतत कार्यरत असणारी संदर्भ केंद्रे उभारली आहेत. त्यांना 'कॉर्स' म्हणतात. ती मोबाइलच्या जाळ्यावरून रोव्हरला क्षणोक्षणी दुरुस्तीचे संकेत पाठवितात. पुरंदर तालुक्यातील सोनोरी गावात गावठाण मोजणीचा जो प्रयोग झाला, त्याच वाटेने पुढे २४ एप्रिल २०२० रोजी 'स्वामित्व' योजना देशासमोर आली. ज्यांच्या घराला पिढ्यान्‌पिढ्या कागद नव्हता, त्यांच्या हाती मिळकत पत्रिका येऊ लागली. १८ जानेवारी २०२५ या एकाच दिवशी देशभरात ६५ लाख पत्रिकांचे वितरण झाले. शहरांसाठी 'नक्शा' हा कार्यक्रमही फेब्रुवारी २०२५ मध्ये १५२ नागरी संस्थांमध्ये प्रायोगिक स्वरूपात सुरू झाला. अंत्योदयाचा विचार मानणाऱ्या प्रत्येकाला समाधान वाटावे, असेच हे काम आहे.

धोका मात्र यंत्रात नसून यंत्राच्या पोटात साठणाऱ्या माहितीच्या लिपीत आहे. उपग्रहाकडून आलेल्या संकेतांची नोंद बहुतेक यंत्रे आपल्या कंपनीच्या खास, बंद फॉरमॅटमध्ये करतात. फॉरमॅट म्हणजे माहिती लिहून ठेवण्याची ठरीव मांडणी. ती मांडणी कंपनीने जगजाहीर केली नसेल, तर ती फाइल उघडण्याची किल्ली कंपनीच्या संगणक-प्रणालीतच असते. जमीन शेतकऱ्याची, मोजणी शासनाची, खर्च जनतेचा आणि नोंद वाचण्याची किल्ली मात्र दूरदेशच्या कारखानदाराची, अशी ही विचित्र अवस्था आहे.

मोजणीची परंपरा या भूमीला नवी नाही. शिवकालात अण्णाजी दत्तो यांच्या देखरेखीखाली जमिनीची पाहणी झाली, तेव्हा पाच हात पाच मुठींची काठी, वीस काठ्यांचा औरसचौरस बिघा आणि एकशेवीस बिघ्यांचा चावर हे मान ठरविण्यात आले. त्या व्यवस्थेचे मोठेपण केवळ अचूकतेत नव्हते. काठी किती लांबीची, हे पाटलालाही ठाऊक होते आणि कुणब्यालाही. माप उघडे होते, म्हणून त्यावर विश्वास होता. पुढे इंग्रजी अमदानीत प्रिंगलची मोजणी व आकारणी फसल्यावर १८३५-३६ पासून इंदापूर भागात गोल्डस्मिड व विंगेट यांनी नवी पद्धत बसविली. तिचा हेतू साऱ्याचा होता, रयतेच्या कल्याणाचा नव्हता, हे खरेच. तरीही त्या पद्धतीतून जे 'टिपण' निर्माण झाले, त्याचा एक गुण मान्य करावाच लागतो.

टिपणात नुसते चित्र नसते. भूमापकाने शेतातून कोणती मुख्य रेषा टाकली, त्या रेषेवर कोठे थांबून डावी-उजवीकडे लंब काढले आणि ते लंब किती साखळ्या व किती आण्यांचे भरले, हे सारे त्यात लिहिलेले असते. तेहतीस फुटांची साखळी, तिचे सोळा आणे आणि एका साखळीच्या चौरसाचा एक गुंठा, हा हिशेब समजणारा कोणताही जाणकार शंभर वर्षांनंतरही ते टिपण हाती घेऊन तीच मोजणी पुन्हा करू शकतो. निष्कर्षाबरोबर निरीक्षणेही जपून ठेवली गेली, म्हणून हे शक्य होते. न्यायालयात टिपणाला आजही जे मोल आहे, त्याचे रहस्य यातच आहे.

उपग्रहाधारित मोजणीलाही असेच टिपण असते. रोव्हरमधील ग्राहक यंत्र सुमारे वीस हजार किलोमीटर उंचीवरून फिरणाऱ्या आणि त्याहूनही दूरच्या उपग्रहांचे संकेत टिपते. प्रत्येक उपग्रहाचे अंतर किती भासले, त्याच्या वाहक लहरीची कला कोणत्या टप्प्यावर होती, संकेत किती बळकट होता, हे ते सेकंदासेकंदाला नोंदविते. यांतील मुख्य लहरीची लांबी अवघी एकोणीस सेंटिमीटरच्या आसपास असते. तिचा अंशभाग मोजता येतो, म्हणूनच सेंटिमीटरची अचूकता साधते. ही झाली कच्ची निरीक्षणे. यांवर गणिती संस्कार होऊन जो अक्षांश-रेखांश हाती येतो, तो झाला निष्कर्ष. जागच्या जागी निष्कर्ष मिळत असल्याने अनेक यंत्रांत कच्ची निरीक्षणे साठविण्याची आज्ञा वेगळी द्यावी लागते. ती दिली नाही तर मागे उरतो केवळ एक आकडा. तो कसा आला, त्या वेळी आकाशात किती उपग्रह होते, जवळच्या झाडामुळे वा भिंतीमुळे संकेत परावर्तित झाला होता काय, हे पुढे कोणालाही तपासता येत नाही. आणि आज्ञा दिली, तर निरीक्षणे साठतात ती बहुधा बंद लिपीत. पहिल्या प्रकारात टिपण लिहिलेच जात नाही. दुसऱ्या प्रकारात ते लिहिले जाते, पण कुलूपबंद पेटीत.

या अडचणीवरचा उपाय जगाने फार पूर्वीच शोधून ठेवला आहे. १९८९ साली युरोपात खंडव्यापी मोजणीची एक मोहीम निघाली. तिच्यात चार वेगवेगळ्या उत्पादकांची साठाहून अधिक ग्राहक यंत्रे वापरली जाणार होती. प्रत्येकाची नोंद वेगळ्या लिपीत. मग सर्वांचा एकत्र हिशेब मांडायचा कसा? स्वित्झर्लंडमधील बर्न विद्यापीठाच्या खगोलशास्त्र संस्थेत वेर्नर गुर्टनर यांनी त्यासाठी एक सामाईक मांडणी तयार केली. ग्राहक यंत्रावर अवलंबून नसलेला हा विनिमय-फॉरमॅट 'रायनेक्स' या नावाने ओळखला जातो. साध्या अक्षर-अंकांत लिहिलेली ही फाइल कोणत्याही संगणकावर उघडते आणि माणसाला डोळ्यांनीही वाचता येते. तिच्या मथळ्यात बिंदूचे नाव, ग्राहक यंत्राचा व अँटेनाचा प्रकार, अँटेनाची उंची, निरीक्षणांचे प्रकार आणि पहिल्या नोंदीची वेळ असते. खाली क्रमाने निरीक्षणे. या मांडणीचे नियम जाहीर आहेत, त्यांवर कोणाचा परवाना नाही. गेल्या पस्तीस वर्षांत तिच्या आवृत्त्या निघाल्या, चौथी आवृत्ती २०२१ मध्ये आली. पण जुन्या फायली आजही वाचता येतात.

बंद फायलीचे रायनेक्समध्ये रूपांतर करण्याची साधनेही उपलब्ध आहेत. बहुतेक उत्पादक आपापल्या यंत्रांसाठी रूपांतरक देतात. जपानमधील तोमोजी ताकासू या अभ्यासकाने 'आरटीकेलिब' ही खुली प्रणाली घडविली. ती अनेक उत्पादकांच्या नोंदी रायनेक्समध्ये उतरविते आणि पुढील गणितही करते. तिची मूळ संहिता कोणीही तपासावी, सुधारावी, वापरावी. अमेरिकेतील एका विद्यापीठीय संघटनेने चालविलेली 'टेक' ही रूपांतराची प्रणाली जगभरातील मोजणी खाती वर्षानुवर्षे वापरत होती. २०१९ मध्ये तिची देखभाल थांबविण्यात आली. तरीही रायनेक्सच्या फायली मुक्या झाल्या नाहीत, कारण मांडणी जाहीर असल्याने दुसरी साधने तिची जागा घेऊ शकली. साधन संपले तरी नोंद जिवंत राहिली. बंद फॉरमॅटच्या बाबतीत हे घडू शकत नाही. कंपनी विकली गेली, जुन्या यंत्राचा आधार काढून घेतला गेला अथवा परवान्याची मुदत संपली, की नोंद असूनही नसल्यासारखी होते.

या गोष्टीचा अनुभव महाराष्ट्राने वेगळ्या रूपात घेतलेला आहे. मोडी लिपीतील लक्षावधी कागद दफ्तरखान्यांतून, देवस्थानांतून आणि जुन्या वाड्यांतून पडून आहेत. इतिहास त्यात आहे, वतने त्यात आहेत, जमिनींचे हक्क त्यात आहेत. पण वाचणारे हात विरळ झाल्याने समाज आपल्याच आजोबांच्या अक्षरापुढे निरक्षर ठरला. तरी मोडी ही खुली लिपी आहे. तिचे वर्ग भरतात, तरुण ती शिकतात आणि एकेक रुमाल पुन्हा बोलू लागतो. कंपनीच्या बंद लिपीचे वर्ग कोण भरविणार? तिची बाराखडी ठाऊक असणारा अभियंता आपल्या मालकाशी गोपनीयतेच्या कराराने बांधलेला असतो. आज बांधावर घेतलेली नोंद २०६० साली उघडता आली नाही, तर तो दोष लिपी विसरणाऱ्या पिढीचा म्हणता येणार नाही. लिपी न मागणाऱ्या आजच्या पिढीचाच तो दोष असेल.

येथे कोणी विचारील की, स्वदेशीच्या पुरस्कर्त्यांनी स्विस विद्यापीठात जन्मलेल्या फॉरमॅटचा कैवार का घ्यावा? प्रश्न रास्त आहे आणि त्याचे उत्तर पंडित दीनदयाळ उपाध्याय यांच्या चिंतनात आहे. जे आपले आहे ते युगानुकूल करावे आणि जे बाहेरचे आहे ते देशानुकूल करून घ्यावे, ही त्यांची दृष्टी होती. परदेशी ते सर्व त्याज्य, असा स्वदेशीचा अर्थ कधीच नव्हता. परावलंबन त्याज्य, हा तिचा अर्थ आहे. जाहीर मानक कोठेही जन्मले तरी ते कोणाचे दास्य मागत नाही. बंद फॉरमॅट उद्या एखाद्या भारतीय कारखानदाराने लादला, तर तोही तितकाच अनिष्ट ठरेल. कसोटी जन्मस्थानाची नाही. नोंदीवर अंतिम सत्ता कोणाची, ही खरी कसोटी आहे.

परावलंबनाची किंमत काय असते, हे या क्षेत्राने देशाला पूर्वीच शिकविले आहे. मे २००० पर्यंत अमेरिका आपल्या जीपीएस उपग्रहांच्या नागरी संकेतात जाणीवपूर्वक बिघाड मिसळत असे. त्यामुळे सामान्य वापरकर्त्याचे स्थान शंभर मीटरपर्यंत चुकू शकत असे. एका राष्ट्राध्यक्षाच्या आदेशाने तो बिघाड थांबला. आदेशाने जे थांबते ते आदेशाने पुन्हा सुरू होऊ शकते, हे ओळखूनच भारताने स्वतःची उपग्रहमाला उभारण्याचा संकल्प केला. जुलै २०१३ मध्ये पहिला उपग्रह गेला, एप्रिल २०१६ मध्ये सातवा. 'नाविक' हे नाव त्या मालेला लाभले. पुढची वाट सोपी नव्हती. परदेशातून आणलेली आण्विक घड्याळे निकामी झाली, ऑगस्ट २०१७ मधील प्रक्षेपण अयशस्वी ठरले, जानेवारी २०२५ मध्ये सोडलेला उपग्रह नियोजित कक्षेत पोहोचू शकला नाही. परंतु मे २०२३ मध्ये भारतीय बनावटीचे आण्विक घड्याळ घेऊन एक उपग्रह अवकाशात स्थिरावला, ही गोष्टही तितकीच खरी आहे. घड्याळ बाहेरचे असेल तर काळही उसना असतो, हा धडा शास्त्रज्ञांनी घेतला आणि त्यावर उपाय केला.

यातील एक तपशील फारसा चर्चिला जात नाही. इस्रोने २०१४ मध्ये 'नाविक'च्या नागरी संकेताची रचना जाहीर केली. संकेत कसा आहे, त्यातून संदेश कसा वाचावा, हे जगातील कोणत्याही अभियंत्याला कळावे, असा तो निर्णय होता. परिणाम असा की २०१५ च्या रायनेक्स आवृत्तीत भारतीय उपग्रहांसाठी स्वतंत्र चिन्ह दाखल झाले. जगाच्या सामाईक दफ्तरात भारताचे पान उघडले गेले. आता याच्या नेमके उलट काय घडू शकते, तेही पाहावे. एखाद्या कचेरीत सवयीने नोंदी रायनेक्सच्या जुन्या दुसऱ्या आवृत्तीत उतरविल्या, तर त्या आवृत्तीत भारतीय उपग्रहांना जागाच नाही. यंत्राने 'नाविक'चे संकेत टिपलेले असले तरी रूपांतराच्या वेळी ते मुकाट्याने गळून पडतात. कोणी कट केलेला नसतो. केवळ एक पर्याय पाहून निवडला गेलेला नसतो. राष्ट्रीय सामर्थ्य अवकाशात निर्माण करायचे आणि टेबलावर सांडून टाकायचे, असा हा प्रकार होईल.

रूपांतर म्हणजे नुसती कळ दाबणे नव्हे, हे यावरून ध्यानी यावे. त्यात आणखीही काही सावधगिरी लागते. अँटेनाची उंची जमिनीवरील खुणेपासून सरळ उभी मोजली की तिरकी, आणि अँटेनाच्या कोणत्या भागापर्यंत मोजली, हे मथळ्यात नीट उतरले नाही तर कालवा, पाणलोट वा पूररेषेच्या कामातील उंचीचे आकडे बिघडतात. भूकरमापकाच्या वहीत वेळ भारतीय असते, फायलीत ती जीपीएसच्या घड्याळाची असते. वहीतील सकाळचे नऊ म्हणजे फायलीतील साडेतीनच्या आसपास. हे न उमजल्यास संदर्भ केंद्राची भलत्याच तासाची नोंद जोडली जाते. शिवाय भारताचा भूखंड जागतिक संदर्भचौकटीत दरवर्षी सुमारे पाच सेंटिमीटरने ईशान्येकडे सरकतो आहे. शेजारी शेते एकत्रच सरकतात, म्हणून बांध हलत नाही. परंतु नोंदलेला अक्षांश-रेखांश कोणत्या चौकटीतला आणि कोणत्या काळाचा आहे, हे लिहिलेले नसेल तर वीस वर्षांनी तोच बिंदू मीटरभर दूर दाखविला जाईल आणि तंत्राच्या अज्ञानातून नवा तंटा उभा राहील. ज्या साधनाने तंटे मिटवायचे, त्याच साधनाने ते पेरले जाऊ नयेत.

धोरणाच्या पातळीवर देश मागे आहे, असे म्हणता येणार नाही. ई-शासनासाठी खुल्या मानकांचे धोरण केंद्राने नोव्हेंबर २०१० मध्येच स्वीकारले. भूस्थानिक माहितीवरील जुनी बंधने १५ फेब्रुवारी २०२१ च्या मार्गदर्शक सूचनांनी सैल झाली आणि संदर्भ केंद्रांची सेवा भारतीय संस्थांना निर्बंधाविना मिळावी, असे ठरले. डिसेंबर २०२२ मध्ये राष्ट्रीय भूस्थानिक धोरण आले. भारतीय सर्वेक्षण विभाग आपल्या संदर्भ केंद्रांची निरीक्षणे रायनेक्समध्ये उपलब्ध करून देतो. म्हणजे साखळीचे एक टोक खुले आहे. दुसरे टोक, म्हणजे बांधावरच्या रोव्हरमधील नोंद, तितकेच खुले झाले पाहिजे. उच्च ध्येये दिल्लीच्या धोरणात लिहिली जातात. त्यांची परीक्षा मात्र तालुक्याच्या कचेरीत आणि खरेदीच्या निविदेत होते. निविदेत यंत्राची अचूकता, बॅटरीची क्षमता आणि हमीची वर्षे बारकाईने लिहिली जावीत आणि नोंद कोणत्या लिपीत मिळेल याविषयी एक ओळही नसावी, ही उणीव भरून काढण्यास नवा कायदा लागत नाही.

खुलेपणाविषयी सुरक्षेची शंका घेतली जाते. राष्ट्राच्या सुरक्षेचा विचार करणाऱ्यांनी ती घ्यावी, हे स्वाभाविकच आहे. परंतु खुला फॉरमॅट आणि खुली माहिती या दोन भिन्न गोष्टी आहेत. तिजोरीत ठेवलेला दस्तऐवज मराठीत लिहिलेला असला म्हणून तो जगजाहीर होत नाही. कोणी काय पाहावे, हे ठरविण्यासाठी कुलूप असावेच. फक्त ते शासनाने लावलेले असावे आणि त्याची किल्ली शासनाकडे असावी. ज्या लिपीचा अर्थ परदेशी उत्पादकाला कळतो आणि भारतीय अधिकाऱ्याला कळत नाही, तिला सुरक्षित म्हणणे हे आत्मवंचनेचे लक्षण आहे.

दुसरी शंका अधिक व्यवहारी आहे. एवढ्या नोंदी साठवायच्या कोठे आणि हा उपद्व्याप करायचा कोणी? कर्मचारी आधीच अपुरे, मोजणीची प्रकरणे तुंबलेली, अशी खात्याची अडचण खरी आहे व तिची टवाळी करण्यात अर्थ नाही. पण साध्या अक्षरांतील ही फाइल उत्तम आकुंचित होते. जपानच्या भूमापन संस्थेतील युकी हातानाका यांनी त्यासाठी शोधलेली पद्धत जगभर वापरात आहे. रूपांतराचे कामही प्रत्येक भूकरमापकाने हाताने करण्याची गरज नाही; यंत्रातील नोंद जिल्ह्याच्या संगणकावर उतरताच ते आपोआप व्हावे, अशी व्यवस्था बसविता येते. त्यासाठी लागणारी प्रणाली फुकट आहे आणि ती चालविणारे तरुण महाराष्ट्राच्या अभियांत्रिकी महाविद्यालयांत मुबलक आहेत. न्यायाच्या दृष्टीने पाहता तर हे काम अपरिहार्यच आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमानुसार इलेक्ट्रॉनिक नोंद पुराव्यात दाखल करताना द्यावयाच्या प्रमाणपत्रात त्या फायलीचा अंकीय ठसा नमूद करावा लागतो. मोजणीच्या दिवशीच मूळ फाइल आणि तिचे रायनेक्स रूप या दोहोंचा ठसा नोंदविला गेला, तर पुढे कोणी अक्षर बदलले तरी ते उघड होईल. वकिलांच्या युक्तिवादांत वर्षे जाण्याऐवजी नोंदच साक्ष देईल.

तेव्हा राज्यशासनाकडे करावयाची मागणी सरळ आहे. मोजणी यंत्रांच्या प्रत्येक निविदेत जाहीर, परवानामुक्त फॉरमॅटमध्ये कच्ची निरीक्षणे देण्याची अट असावी. निरीक्षणे साठविण्याची आज्ञा यंत्रात कायम चालू असावी. मूळ फाइल नष्ट न करता तिच्यासोबत रायनेक्सच्या तिसऱ्या वा त्यापुढील आवृत्तीतील प्रत, संदर्भचौकट आणि तिचा काळ यांसह जपली जावी. हद्दींचे नकाशेही जाहीर मांडणीत असावेत. आणि क-प्रतीबरोबर, मागणी केल्यास, जमीनधारकाला आपल्या मोजणीच्या निरीक्षणांची प्रत मिळण्याचा हक्क असावा. ज्याची जमीन, त्याला तिचे टिपण. यात मेहेरबानी कसली?

मात्र सर्व भार शासनावर टाकून मोकळे होणे हा राष्ट्रकार्य करणाऱ्यांचा स्वभाव नव्हे. समाजाने जे मागितले नाही, ते शासनाने दिल्याचे दाखले थोडे. गावोगावी काम करणाऱ्या कार्यकर्त्यांनी हा विषय समजून घ्यावा. मोजणीच्या दिवशी दोन्ही बाजूंचे खातेदार बांधावर हजर असतात. त्या वेळी अँटेनाची उंची वहीत लिहिली का, निरीक्षणे साठविली का, ती कोणत्या लिपीत, असे तीन प्रश्न नम्रपणे विचारणारा एक जाणता तरुण तेथे असावा. शेतकऱ्यांच्या, ग्राहकांच्या आणि विद्यार्थ्यांच्या क्षेत्रांत चालणाऱ्या संघटनांनी आपल्या अभ्यासवर्गांत या विषयाला एक तास द्यावा. औद्योगिक प्रशिक्षण संस्थांतून मोजणी शिकणाऱ्या मुलांना बंद प्रणालीची कळ दाबण्याबरोबर खुल्या प्रणालीतील गणितही शिकविले जावे. मध्यमवर्गीय कुटुंबांतील जी मुले संगणकशास्त्रात पारंगत होऊन जगाची कामे करीत आहेत, त्यांनी सुटीतला थोडा वेळ आपल्या मूळ गावाच्या तालुक्याला दिला, तर तो मातृभूमीच्या ऋणातून अंशतः उतराई होण्याचाच एक मार्ग ठरेल.

भारताने मोजणीच्या शास्त्रात कमी योगदान दिलेले नाही. १८५२ मध्ये राधानाथ सिकदार यांच्या गणनेने जगातील सर्वोच्च शिखर ओळखले गेले, पण नाव मात्र दुसऱ्याचे लागले. गणित भारतीयाचे, दफ्तर परक्याचे, अशी ती पारतंत्र्यातील कहाणी होती. स्वतंत्र भारतात आकाशातील उपग्रह भारताचे असावेत, बांधावरचा भूमापक भारताचा असावा आणि दफ्तराची किल्ली तेवढी परक्याच्या हाती राहावी, हे स्वत्व जागे असलेल्या समाजाला शोभणारे नाही. पुढच्या पिढ्यांच्या हाती जमीन सोपविताना तिच्यासोबत वाचता येईल असे टिपणही सोपविणे, हे आजच्या पिढीचे कर्तव्य आहे. त्यासाठी मोठा संघर्ष नको, मोठा खर्च नको. निविदेतील एक अट, यंत्रातील एक आज्ञा आणि समाजातील थोडी जागरूकता एवढे पुरेसे आहे.